दुसऱ्या ओळीनंतरचा श्वास

ल्होटा, ९ नोव्हेंबर १९१२

चि. ब्लाझेन्कास हिनेकमामाचे अनेक आशीर्वाद.

पत्रास कारण रेझेक बेकरीवाला. काल पाव घ्यायला गेलो तर पिठाचे हात झटकत म्हणतो, "गुरुजी, तुमची भाची प्रागमध्ये भिंतीवर धावतेय." मी म्हटलं, "भिंतीवर पाल धावते, रेझेक." तर म्हणे नाही, तंबूत हलती चित्रं दाखवतात तिथे त्याने तुला पाहिलं. धोब्याच्या पोरीचं सोंग, डोक्यावर काळ्या केसांचा टोप, कपड्यांची टोपली घेऊन तू पळतेस आणि शेवटी नदीकाठी उभी राहून रडतेस. "टोप काळा होता, पण हनुवटी तुमच्या बहिणीची. हनुवटीला टोप घालता येत नाही."

खरं आहे का हे? रेझेकची नजर चुकली असेल तर मी उद्याच त्याच्याकडून दोन पाव जास्त घेईन आणि त्याला माफ करीन.

तुझी आई गेली तेव्हा तू सात वर्षांची होतीस. माझ्याकडे आलीस आणि तीन महिने बोलली नाहीस. डॉक्टर म्हणाले, वाट पाहा. मी मास्तर माणूस, मला औषध एकच ठाऊक. शाळेच्या पुस्तकातली कविता काढली, तुझ्या दोन्ही खांद्यांवर एकेक पुस्तक ठेवलं आणि म्हटलं, श्वास पोटात गेला पाहिजे, पुस्तक पडलं की पुन्हा पहिल्यापासून. पहिल्या दिवशी तू नुसती उभी राहिलीस. नवव्या दिवशी तोंड उघडलंस.

नदीबाई, नदीबाई, थांब जरा काठाशी,
हाक माझी राहिली बघ पल्याडच्या गावाशी.
बर्फ आला, वाट गेली, नाव धुक्याच्या दाटीत,
हाक तेवढी जपून ठेव तुझ्या ओल्या ओटीत.

चाळीस वर्षं शिकवली मी ही कविता. पोरं "दाटीत"पाशी धापा टाकायची, कारण श्वास दुसऱ्या ओळीनंतर घ्यायचा असतो आणि त्यांना घाई. तू कधी चुकली नाहीस. गेल्या वर्षी प्रागच्या रंगमंचावर तुझा पहिला प्रयोग ऐकला. डोळे मिटूनच बसलो होतो. शेजारच्या बाईंना वाटलं म्हातारा झोपला.

असला आवाज घेऊन तू मुक्या डब्यापुढे का उभी राहतेस, एवढंच सांग.

तुझा
हिनेकमामा


प्राग, विनोह्राडी, २० नोव्हेंबर १९१२

ती. मामांस सा. न.

रेझेककाकांना माफ करू नका, त्यांचं खरं आहे.

उन्हाळ्यात नाटकगृह बंद असतं हे तुम्हाला माहीत आहेच. एका बागेत काचेचं छप्पर घातलंय, तिथे ही चित्रं घेतात. टोप घातला कारण आमच्या नाटकगृहाच्या साहेबांनी नोटीस लावली आहे, की जो नट पडद्यावर दिसेल त्याला पुढच्या हंगामात दार दिसणार नाही. त्यांना हनुवटी ओळखता येत नाही, एवढं बरं.

मामा, तिथे काय गंमत असते सांगू? दिग्दर्शक म्हणतो, "काहीही बोला, ओठ हलू द्या. आकडे मोजलेत तरी चालेल." माझ्यासाठी जीव देणारा जो तरुण होता तो गुडघ्यांवर बसून, छातीवर हात ठेवून, डोळ्यांत पाणी आणून मला म्हणाला, "आज खानावळीत कोबी जळका होता, बाई, सॉसेज बरं होतं." मी तोंड फिरवलं. बघणाऱ्यांना वाटतं मी लाजले.

पण नदीकाठच्या प्रसंगात मी आकडे मोजले नाहीत. तिथे कॅमेरा अगदी जवळ होता. मी आपली कविता म्हटली. सगळी, मोठ्याने. कॅमेरा फिरवणारा हात थांबवायला विसरला. कुणाला कळणार नाही, पण तुम्ही पाहायला गेलात तर तुम्हाला कळेल.

रागावू नका. साहेबांनी शब्द दिला आहे, की वय थोडं वाढलं की "नावाड्याची लेक" नाटकातली मोठी भूमिका मला. सबंध पद्यातलं नाटक. त्या रात्री तुम्ही पहिल्या रांगेत. हे माझं वचन. तोवर डोळे मिटून ऐकायचा सराव चालू ठेवा.

तुमची
ब्लाझेन्का


ल्होटा, १५ जानेवारी १९१३

चि. ब्लाझेन्कास आशीर्वाद.

दाढ काढायला ह्राडेत्सला गेलो होतो. दाढ निघाली. गाडीला अवकाश होता, बाहेर थंडी होती आणि समोरच तो तंबू होता. म्हणून आत गेलो. याहून जास्त अर्थ काढू नकोस.

टोपली घेऊन पळतेस तो भाग मला आवडला नाही. पण मग नदी आली. तुझे ओठ पहिल्यांदा हलले आणि माझे आपोआप हलायला लागले. दुसरी ओळ संपली, आणि तू श्वास घेतलास. खांदे जागचे हलले नाहीत. पोटापासून वर, गळ्याच्या खळगीपर्यंत, जसा शिकवला तसा. सुजलेला गाल धरून मी रडलो. शेजारचा शिपाई म्हणाला, "आजोबा, खोटं आहे हो ते." मी म्हटलं, "दाढ खरी आहे."

तरीसुद्धा सांगतो, काचेच्या बंद खिडकीपलीकडून कुणी आपलं माणूस बोलावं आणि ऐकू येऊ नये, तसं वाटलं मला. मला आवाज हवा आहे, पोरी. "नावाड्याची लेक" लवकर होऊ दे. मी एकसष्ट वर्षांचा आहे. तेवढं एकदा ऐकलं की माझी काही मागणी नाही.

हिनेकमामा


ल्होटा, २९ ऑक्टोबर १९१८

ब्लाझेन्का, माझ्या बाळा,

आज आशीर्वाद वगैरे मागाहून. तारघरातली मुलगी एप्रन घातलेलीच चौकात धावत आली आणि म्हणाली, आपलं राज्य झालं. रेझेकने शिडी लावून कचेरीवरचा सम्राटाचा गरुड खाली ओढला. त्याचा एक पंख माझ्या पायावर पडला, लंगडतोय, पण आज लंगडायलाही बरं वाटतं.

युद्धाची चार वर्षं या गावात कुणी मोठ्याने बोललं नाही. आज शाळेतली पोरं कविता ओरडत रस्त्यांतून फिरली, चुकीच्या जागी श्वास घेत, आणि मी एकालाही टोकलं नाही.

तू प्रागमध्ये आहेस. सगळा देश तिथल्या रस्त्यांवर उभा असेल. बाळा, घरात बसू नकोस. नाटकगृहाच्या पायऱ्यांवर उभी राहा आणि म्हण. आज गळा जपायचा दिवस नाही. आवाज याच दिवसासाठी असतो. मी तिथे नाही, पण माझ्या चाळीस वर्षांतल्या सगळ्या पोरांच्या वतीने तू म्हण.

तुझा मामा


प्राग, २ फेब्रुवारी १९१९

ती. मामांस सा. न.

तीन महिने पत्र नाही म्हणून तुम्ही रेझेककाकांना माझ्या शोधाला पाठवणार होतात असं कळलं. पाठवू नका. मी बरी आहे.

नोव्हेंबरात जो सगळ्यांना आला तो ताप मलाही आला. आमच्या गल्लीत अकरा दारांवर काळी फडकी लागली, माझ्या दारावर लागलं नाही. थोडा अशक्तपणा आहे. नाटकगृहाने विश्रांती घ्यायला सांगितली आहे, म्हणून सध्या चित्रपटच करते. आता टोप लागत नाही. नोटीस जुन्या साहेबांबरोबर गेली.

"नावाड्याची लेक" पुढच्या शरद ऋतूत. नक्की. तोवर येऊ नका. कोळसा मिळत नाही, खोलीत बर्फ पडल्यासारखं असतं, तुमची छाती धरेल.

मध पोचला. रोज घेते.

ब्लाझेन्का


ल्होटा, ३० एप्रिल १९१९

चि. ब्लाझेन्कास आशीर्वाद.

"शरद ऋतूत, नक्की" एवढंच तुझं वाक्य मी कापून आरशाच्या चौकटीत खोचलं आहे. शिंप्याकडे नवा काळा कोट शिवायला टाकला. तो विचारतो, "गुरुजी, लग्न की मयत?" म्हटलं, पहिली रांग.

आता एक कबुली. हसू नकोस. सोकोल मंडळाच्या व्यायामशाळेत रेझेकने दर रविवारी दुपारी तीनचा चित्रपट सुरू केला आहे. दोऱ्या, कठडे बाजूला सारून बाकं मांडतात. पडद्यावर मधूनमधून लिहिलेल्या पाट्या येतात, त्या म्हाताऱ्यांना दिसत नाहीत आणि पोरांना वाचता येत नाहीत. वाचून दाखवणारा पोस्टमन तापात गेला. रेझेक माझ्याकडे आला. मी नाही म्हटलं, दुसऱ्यांदा नाही म्हटलं, तिसऱ्यांदा तो कोलाच, ते गरम गोड पाव, घेऊन आला. खसखशीचे.

तेव्हा ज्या डब्याला मी मुका म्हणालो, त्याची जीभ आता मी आहे. ऑर्गनवाले कोपेत्स्की पियानो वाजवतात, मी पडद्याशेजारी छडी घेऊन उभा राहतो. रेझेक मागून ओरडतो, "गुरुजी, सावकाश, अजून बायकांचं रडून झालं नाही."

तुझं एखादं चित्र इकडे पाठव ना. तुझ्या पाट्या मी कशा वाचीन, बघ.

ईस्टरला का आली नाहीस? अंडी रंगवून ठेवली होती. तुझं लाल अंडं अजून कपाटात आहे.

हिनेकमामा


प्राग, १४ ऑक्टोबर १९१९

ती. मामा,

वाईट वाटून घेऊ नका. नाटक पुढे गेलं. देखावे तयार नाहीत, आणि दिग्दर्शकांना आणखी काही अडचणी. तुम्ही मृतांच्या दिवशी इकडे येतो म्हणालात, पण मी त्या आठवड्यात चित्रीकरणाला मोराव्हियात आहे. दार बंद असेल. उगाच जिने चढू नका.

नवं चित्र म्हणजे एका गिरणीवाल्याच्या मुलीची गोष्ट. पुरात जाते. हिवाळ्यात तुमच्याकडे पोचेल. माझ्या पाट्या कमी आहेत. दिग्दर्शक म्हणतो, माझा चेहरा आता ऐकणाऱ्या माणसासारखा झाला आहे, त्याला शब्द कमी लागतात.

ज्या आहेत त्या सावकाश वाचा, मामा.

कोट कपाटात ठेवा. कसर लागेल, अक्रोडाची पानं घाला.

ब्लाझेन्का


ल्होटा, २३ फेब्रुवारी १९२०

ब्लाझेन्का,

काल तुझं चित्र लागलं. गाव लोटलं होतं. बाकं पुरली नाहीत, लोक व्यायामाच्या घोड्यावर चढून बसले. मी नवा कोट घातला.

सुरुवातीला छान वाचलं. रेझेक मागून एकदाही ओरडला नाही. तू पुलाकडे निघालीस तेव्हा ख्लुपाचोवा म्हातारी मला म्हणाली, "गुरुजी, तुमचं ऐकते ती. सांगा ना तिला, जाऊ नको म्हणून." लोक हसले. मीही हसलो.

मग तू पाण्यापाशी उभी राहिलीस, अगदी जवळ, आणि ओठ हलले. पहिल्याच शब्दाला ओळखलं. गळ्यापर्यंत बंद कॉलर होती, तरी ओळखलं. मनात म्हणत होतो तुझ्याबरोबर. पहिली ओळ. दुसरी. आणि थांबलो, कारण आता श्वास.

तू घेतला नाहीस.

तिसरी ओळ तशीच गेली. चौथी गेली. खांदे नाही, पोट नाही, काही हललं नाही. नुसते ओठ. ज्याच्या छातीत आवाज आहे तो माणूस त्या चार ओळी एका दमात म्हणू शकत नाही. चाळीस वर्षांत एका पोराला जमलं नाही. ज्याला आवाज काढायचाच नाही, त्यालाच जमेल.

माझी छडी खाली आली. कोपेत्स्कींनी पियानो थांबवून माझ्याकडे पाहिलं. पाटी आली, माझ्याच्याने वाचवली नाही. रेझेक हळू आवाजात म्हणाला, "गुरुजी, पुढे." तेव्हा मी पाटी सोडली आणि कविता म्हटली. तू पाण्यात गेल्यावर म्हटली. बाकांवरचे ओठ माझ्याबरोबर हलले. माझ्या हाताखालून गेलेली माणसं होती निम्मी.

येत्या रविवारी, आणि त्याच्या पुढच्या, पुन्हा तेच चित्र आहे. लोकांनी मागितलं. मी तिथे कविताच म्हणणार आहे.

मला एवढंच सांग. तुझा आवाज कधी गेला? आणि मामापासून का लपवलंस?


प्राग, २ मार्च १९२०

ती. मामांस सा. न.

तुमच्यासमोर पुस्तक पडलं की पडलं, हे मला लहानपणापासून ठाऊक आहे. सांगते.

१ नोव्हेंबर १९१८. दोन दिवस अंगात ताप होता. खिडकीखालून लोक जात होते, गात. मी उठून नाटकगृहाच्या पायऱ्यांवर गेले. कुणीतरी ओळखलं, म्हणाले, म्हणा काहीतरी. पाऊस भुरभुरत होता. मी म्हटलं. आणखी माणसं आली, पुन्हा म्हटलं. तीन वेळा, की चार. शेवटच्या वेळी मागच्या रांगेपर्यंत पोचावं म्हणून जरा जोर केला. घरी आले ती दीड महिना उठले नाही. घशात गाठ झाली, ती कापली. डॉक्टर चांगले होते. म्हणाले, बाई, जीव राहिला. आता कुजबुज येते, जवळ कान आणला तर कळते. कॉलर त्यासाठीच.

"नावाड्याची लेक" गेल्या शरद ऋतूत झालं. दुसरीने केलं. मी गेले होते. चांगलं केलं तिने, पण श्वास वरचा घेते.

का लपवलं? तुम्ही पहिली रांग धरून बसला होता. कोट शिवला होता. त्या पायऱ्यांवर मी माझ्या मनाने गेले, कुणाचा दोष नाही. एवढं लक्षात ठेवा.

आता मला आयांच्या भूमिका देतात. त्याही फार नाहीत.

एक विनंती. रविवारी कविता म्हणू नका. पाटी वाचा आणि पुढे जा. मी येऊ शकत नाही. इतक्या लांबून मला ते ऐकूही येणार नाही. उगाच कशाला.

तुमची
ब्लाझेन्का


ल्होटा, ४ मार्च १९२०

माझ्या बाळा,

पत्र पोचलं. तीनदा वाचलं. त्यात एक गोष्ट नाही. "तुम्ही लिहिलंत म्हणून गेले," हे कुठेच नाही. आजूबाजूचं सगळं आहे, पाऊस आहे, डॉक्टर आहेत, तेवढंच वाक्य तू पुसून काढलंस.

पण मी पाठांतर शिकवणारा माणूस. माझी पत्रं मला पाठ असतात. "घरात बसू नकोस. आज गळा जपायचा दिवस नाही." २९ ऑक्टोबरला लिहिलं, तुला ३१ला मिळालं असेल. दुसऱ्या दिवशी तू पायऱ्यांवर होतीस. तुझ्या अंगात ताप आहे का, हे मी विचारलं नव्हतं. तू शहाणी मुलगी, मामाने पुन्हा म्हण म्हटलं की पुन्हा म्हणायचीस. तीन महिने न बोलणाऱ्या पोरीला मीच बोलायला लावलं, आणि मीच

राहू दे. माझं ओझं मी वाहीन, तू त्याच्यावर पांघरूण घालू नकोस.

आता दुसरी गोष्ट. तू लिहितेस, इतक्या लांबून ऐकू येणार नाही.

गेल्या रविवारी स्टेशनमास्तर चित्र संपल्यावर मला म्हणाला, "गुरुजी, प्रागची एक बाई आली होती. तोंडावर शाल. परतीचं तिकीट तिने कागदावर लिहून मागितलं. मुकी असावी बिचारी." मी म्हटलं, असेल.

त्याने सांगायच्या आधी मला माहीत होतं. त्या प्रसंगाला कोपेत्स्की आता पियानो वाजवत नाहीत, मीच बंद करायला सांगितलं आहे. हॉल अगदी शांत असतो. मी दुसरी ओळ संपवली आणि श्वासासाठी थांबलो. तेव्हा मागच्या बाजूने, दाराजवळच्या बाकावरून, माझ्या आधी कुणीतरी श्वास घेतला. पोटातून, खालून वर, सावकाश. त्या खोलीत तीनशे माणसं होती आणि त्यांतली निम्मी माझी विद्यार्थी, पण तसा श्वास मी आयुष्यात एकाच मुलीला शिकवू शकलो.

मी वळून पाहिलं नाही. तुला दिसायचं असतं तर तू पहिल्या रांगेत बसली असतीस. तो श्वास पुरा होईपर्यंत मी थांबलो आणि मग तिसरी ओळ उचलली. सात वर्षं मी ज्या रात्रीची वाट पाहत होतो ती ही नव्हे. पण तू तिथे होतीस, हे मी ऐकलं.

घरी ये असं म्हणत नाही. माझ्या सांगण्यावरून तू एकदा घराबाहेर पडलीस, ते पुरे. तुझी खोली झाडलेली आहे एवढंच कळवतो. इथे आलीस तर तुला कुणी बोल म्हणणार नाही. मी तर नाहीच.

येत्या रविवारी शेवटचा खेळ. सोमवारी ते डबे दुसऱ्या गावाला जातील. तू कविता म्हणू नका म्हणालीस, ते मात्र मी ऐकणार नाही. दाराजवळच्या बाकावर रेझेक कुणाला बसू देणार नाही, तसं त्याला सांगून ठेवलं आहे. का, ते त्याने विचारलं नाही.

बाक रिकामा असला तरी मी दुसऱ्या ओळीनंतर थांबेन.

तुझा
हिनेकमामा